पाव्हणं आलं की सरकायचं

माझं माहेर देवगाव रंगारीचं. आमच्याकडं पाव्हणा म्हणजे सोयरा. कोणाचा व्याही, कोणाचा जावई, कोणाचा साडू. तो आला की ओसरीवर पाय धुवायला तांब्या, मग बाज टाकून तिच्यावर धुतलेली वाकळ, मग चहा, आणि मग त्याच्या गावाकडच्या पाऊसपाण्याची चौकशी. पाव्हणा एक मुक्काम करतो, फार तर दोन. जाताना घरातल्या लेकराच्या हातावर खाऊ ठेवतो. या शब्दाला दुसरा काही अर्थ असेल असं माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. पुढचं सगळं त्या एका शब्दावरून फसलं, म्हणून हे आधीच सांगून ठेवते.

फर्दापूरच्या शाळेत माझी बदली झाली तेव्हा माझी मुलगी सहा वर्षांची होती आणि देवगावला माझ्या भावाकडं वाढत होती. नवरा औरंगाबादला; शहराचं नाव तेव्हा तेच होतं. चिकलठाण्याच्या एका कारखान्यात तो कामाला होता आणि चौघांत मिळून त्यांची एक खोली होती. दिवसपाळीवाला उठला की रातपाळीवाला त्याच गादीवर आडवा. तिथं बायको-पोरीला कुठं ठेवणार? माझी आधीची शाळा डोंगरातल्या वाडीवरची, तिथं मी एकटीनंच कसेबसे दिवस काढले होते. फर्दापूर मात्र हमरस्त्यावरचं गाव. अजिंठ्याचा घाट उतरलं की लागणारं, लेण्यांच्या जवळचं, एस.टी. थांबणारं. मी मनाशी पक्कं केलं, पोरीला जूनमध्ये पहिलीत घालायचं ते माझ्या शाळेत, आणि ती झोपणार ती माझ्या कुशीत. दुसरं काही मला नको होतं. त्यासाठी एक खोली तेवढी हवी होती.

मे महिन्याच्या उन्हात मी फर्दापुरात खोली शोधत फिरले. पहिल्याच दारात विचारलं, "खोली आहे का भाड्यानं?"

"हाय ना. किती दिवस?"

"दिवस नाही हो. राहायला पाहिजे."

"ऱ्हायलाच देतो आमी. किती दिवस?"

"कायमची," मी म्हटलं.

बाई माझ्याकडं बघतच राहिली. "कायमचं कोण ऱ्हातं इथं?"

"तुम्ही राहता की."

"आमचं येगळं हाय," ती म्हणाली आणि दळण निवडायला लागली.

दुसऱ्या घरी तेच, तिसऱ्या घरी तेच. खोल्या नव्हत्या असं नाही. ज्याच्या घराला एक जादा खण होता त्यानं तो चुना मारून, दाराला निळा रंग देऊन ठेवला होता. वर इंग्रजीत पाटी. सगळ्या पाट्या एकाच पेंटरनं रंगवलेल्या असाव्यात, कारण सगळ्यांत 'रूम' या शब्दात एक 'ओ' कमी होता. शाळेतल्या बाईचा हात खडूकडं वळतो तसा माझा वळत होता. पण पाट्या सुधारायला नाही, खोली मागायला आले होते मी. एवढ्या रिकाम्या खोल्या आणि मला एकही मिळेना, हे गणित काही सुटत नव्हतं.

शेवटी गावाच्या कडेला एका घरी जमलं. घर दोन खोल्यांचं, पुढं अंगण, अंगणात लिंबाचं झाड, मागं पत्र्याचा गोठा. म्हातारा-म्हातारी दोघंच. पोरं शहरात कामाला. म्हातारीला मी मावशी म्हणू लागले आणि म्हाताऱ्याला मामा. नातं जुळत नव्हतं, पण त्याचं कोणाला काही वाटलं नाही. मावशीनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, मास्तरीण म्हटल्यावर तिचा चेहरा सैल झाला.

"घ्या मंग. खोली तुमचीच समजा. फक्त पाव्हणं आलं तर जरा सरकून घ्यावं लागंल बगा."

मी हसलेच. "मावशी, आमच्याकडं काय पाव्हणे येत नाहीत? पाव्हण्यांसाठी माणूस सरकणारच की."

"व्हय, पण काय काय लोकं कुरकुर करत्यात."

"मी नाही कुरकुर करायची."

असं मी माझ्या तोंडानं बोलले. मामा साक्षीला होते, बाजेवर बसून तंबाखू मळत होते. 'तुमचीच समजा' यातलं 'समजा' मी नीट ऐकलंच नाही. शाळेत मात्र मी पोरांना एकेक शब्द तोलून वाचायला सांगायची.

जूनमध्ये पोरीला घेऊन आले. देवगावहून कन्नड, कन्नडहून सिल्लोड, आणि मग घाट. घाटात तिला दोनदा उलटी झाली तरी खिडकी सोडेना. खोलीत आल्यावर तिनं पहिली चौकशी केली ती खुंटीची. भावाच्या घरी सगळ्यांचे कपडे एकाच दोरीवर असायचे, तिला स्वतःची खुंटी हवी होती. दारामागं एक होती. तिनं दप्तर अडकवलं, काढलं, परत अडकवलं. "ही माझी," म्हणाली. मला इतकं बरं वाटलं की मी तोंड फिरवून स्टोव्हला पिना मारत बसले.

ते चार महिने मी आयुष्यात विसरणार नाही. ती माझ्या शेजारी झोपायची आणि झोपेत माझा अंगठा धरून ठेवायची. सकाळी दोघी एकाच बादलीतल्या पाण्यानं आवरून शाळेला. वर्गात ती मला आई न म्हणता 'बाई' म्हणायची आणि फाटकाबाहेर पडलं की लगेच आई. मावशी तिला ताकाचा ग्लास द्यायची, मामा तिला बैलांची नावं शिकवायचे.

श्रावणात शाळेची सहल लेण्यांना गेली. सहल म्हणजे काय, चालतच. एका लेण्यात भिंतीच्या कडेनं छोट्या छोट्या खोल्या आहेत, आत दगडाचाच ओटा, झोपायला. मी पोरांना सांगितलं, इथं भिक्षू राहायचे, पावसाचे चार महिने, बाकीचे दिवस ते गावोगाव फिरायचे. माझ्या पोरीनं बोट वर केलं.

"बाई, मग उरलेले आठ महिने त्यांची खोली कोणाला देत होते?"

सगळी पोरं हसली. मीही हसले आणि पुढच्या लेण्याकडं निघाले.

दसरा होऊन आठवडा झाला असेल. रविवार होता, दुपारची वेळ. मावशी लगबगीनं दारात आली. "बाई, पाव्हणं आलं वो!"

मी उठलेच. चार महिने या माणसांचं ताक प्यायलेलं, आता त्यांच्या सोयऱ्यांपुढं भाडेकरणीनंही नीट दिसायला हवं. साडी बदलली, पोरीची वेणी घातली, चहाचं आधण ठेवलं आणि पाय धुवायला तांब्याभर पाणी घेऊन बाहेर आले. अंगणात एक गोरा आणि एक गोरी उभे. पाठीवर त्यांच्याएवढ्याच पिशव्या, उन्हानं लाल झालेले. मी त्यांच्या मागं बघितलं. व्याही कुठं दिसेना. रस्त्यावर बघितलं. तिथंही कोणी नाही.

"द्या की पाणी," मावशी म्हणाली.

दिलं. त्या माणसानं हात जोडले, तांब्या उन्हाकडं धरून आत बघितलं, मग खिशातून एक डबी काढून तिच्यातली गोळी पाण्यात टाकली आणि घड्याळाकडं बघत उभा राहिला. पाय धुवायच्या पाण्यात औषध टाकून हा माणूस कशाची वाट बघतोय हे मला कळेना. मग तो ते पाणी प्यायला. ते पाय धुवायचं पाणी आहे हे त्याला सांगायचं होतं, पण बोलायचं कोणत्या भाषेत?

आत गेले तर मावशी माझी गादी गुंडाळत होती. पोरीचं दप्तर खुंटीवरून काढून तिनं माझ्या ट्रंकेवर ठेवलं होतं.

"मावशी, हे काय?"

"सरकून घ्या म्हनलं हुतं ना बाई. पाव्हणं आलं."

"हे पाव्हणे? मावशी, हे तर लेणी बघायला आलेत."

"मंग? लेणी बगाया येत्यात तेच पाव्हणं की. दुसरं कोण येतंय आमच्याकडं?"

मला तेव्हा सगळं उलगडलं आणि त्याच क्षणी सगळं आणखी गुंतलं. माझा शब्द मीच दिला होता, पण तो दिला होता वेगळ्याच शब्दाला. आता तिला काय म्हणणार? तू फसवलंस? तिनं फसवलं नव्हतं. तिच्या गावात त्या शब्दाचा अर्थ तोच होता, आणि मी गावात नवीन होते.

"किती दिवस?" मी विचारलं. प्रश्न तोंडातून गेल्यावर मला कळलं की हाच प्रश्न गावानं मला विचारला होता.

"हे जातील परवा. मंग दुसरं येतील. होळीपातूर आसंच चालतं."

मला संताप आला. माझी ट्रंक गोठ्यात नेऊन ठेवलेली मी बघत होते आणि ठरवत होते, की आता जाऊन या म्हातारीला स्पष्ट सांगायचं, की बाई असं चालणार नाही, भाडं घेतलंय, माणसाला काही किंमत आहे की नाही. तशीच तणतणत गोठ्यात गेले. बैल बाहेर लिंबाखाली बांधले होते. आत शेणानं सारवलेली जमीन, एका कोपऱ्यात कडबा, दुसऱ्या कोपऱ्यात चूल, आणि चुलीशेजारी दोन वळकट्या. मावशीची आणि मामांची. पुढची दुसरी खोली, त्यांची स्वतःची, तिच्यातही एक चटई अंथरून तयार होती. तिथं संध्याकाळी आणखी पाव्हणे येणार होते.

"तुम्ही पण इथं?"

"मंग कुठं? सीझन हाय तवर आमी बी इथंच," मावशी म्हणाली. "सगळं गाव मागच्या दारी ऱ्हातंय बाई. तुमास्नी ठावं नव्हतं?"

मामा कडब्याच्या पेंढ्या सरकवून माझ्या ट्रंकेला जागा करत होते. "आमचं आसंच," ते म्हणाले. "रझाकाराच्या टायमाला लहान हुतो. बानं घर सोडून रानात नेलं, लपायला. पोलीस ॲक्शन झाली, निजामाचं राज गेलं, तवा परत आलो. आता पाव्हण्यासाठी घर सोडायचं. त्यात काय."

माझं भांडण जागच्या जागी विरून गेलं. मला घराबाहेर काढणारी माणसं माझ्याआधीच स्वतः घराबाहेर निघाली होती. आता रागवायचं कोणावर? त्या गोळी टाकून पाणी पिणाऱ्यावर? तो बिचारा एवढ्या लांबून भिंतीवरची चित्रं बघायला आला होता, आणि त्याला वाटत होतं आपण एका रिकाम्या खोलीत उतरलोय. दाराआडच्या खुंटीवर त्यानं आपली टोपी अडकवली. माझी पोरगी दारात उभी राहून ती टोपी बघत होती.

पुढचे दिवस असेच गेले. पाव्हणे गेले की आम्ही खोलीत, पाव्हणे आले की गोठ्यात. काही वेळा तर सकाळी ट्रंक आत नेली आणि दुपारी शाळेतून येतोय तर ती परत कडब्याशेजारी. पंचायतीतून मला दाखला घ्यावा लागायचा, की सदर शिक्षिका मुख्यालयी, म्हणजे शाळेच्याच गावी, राहतात. मुख्याध्यापकांनी विचारलं, "बाई, पत्ता काय लिहू?" मी म्हटलं, "आज काय वार आहे?" त्यांना तो विनोद वाटला.

पोरगी मात्र शिकली. माझ्यापेक्षा लवकर शिकली. रस्त्याच्या वळणावर पाठीवरची पिशवी दिसली की मावशीनं सांगायच्या आत ती आपली वाकळ गुंडाळायला घ्यायची. दप्तर खांद्याला, वाकळ काखेत, हातात पाण्याची बाटली, आणि चालली गोठ्याकडं. एकदाही रडली नाही. "लई शहाणी गं माझी बाय," मावशी म्हणायची आणि तिच्या गालावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडायची. मलाही कौतुक वाटायचं. खोटं कशाला बोलू, मी शाळेत इतर बायकांना सांगितलं सुद्धा, की माझी लेक किती समजूतदार आहे. त्यात कौतुक करण्यासारखं नेमकं काय होतं, ते आज विचारलं तर मला सांगता येणार नाही.

थंडी पडली आणि तिला खोकला लागला. कडब्याचा भुसा, चुलीचा धूर, पत्र्यावरून टपकणारं दव. खोकून खोकून ती वर्गातच झोपायला लागली. मी पुन्हा गाव पालथं घातलं. वर अजिंठा गावातही जाऊन आले, तिथं एक खोली होती पण दुकानाच्या गोदामावर, आणि रोजचा घाट. मग मावशीपुढं हात जोडले. म्हटलं, वर्षभराची एकच खोली द्या, लेकराच्या अंगात ताकद नाही. मावशीच्या डोळ्यांत पाणी आलं. तिनं त्या रात्रीपासून पोरीला आपल्या गोधडीत घेतलं, पण खोलीचं काही बोलली नाही. आठवड्यानं मामांनी गवंडी लावला. खोलीला लागून संडास-बाथरूम होणार होतं. पाव्हण्यांना बाहेर जावं लागतं ते बरं दिसत नाही, असं मामा म्हणाले. भिंतीला भगदाड पडलं ते दाराआडच्या खुंटीच्या जागीच.

संक्रांतीनंतर मी पोरीला देवगावला परत सोडायला निघाले. गाडीची वाट बघताना तिला सांगितलं. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"देवगावच्या मामाच्या घरी कायमची?"

"मला चांगली खोली मिळेपर्यंत."

तिनं दप्तराचा पट्टा बोटाला गुंडाळला. मग म्हणाली, "आई, देवगावला पण पाव्हणे येतात?"

"येतात की," मी म्हटलं. तिला बरं वाटावं म्हणून आणखी सांगितलं, "फर्दापूरपेक्षा जास्त येतात. मामाचं घर पाव्हण्यांनी भरलेलं असतं."

तिनं मान डोलावली. मला वाटलं, समाधान झालं. गाडी घाट चढत होती, मी तिचं डोकं मांडीवर घेतलं आणि मनातल्या मनात स्वतःला समजावत राहिले, की बरोबर केलं. की चूक केलं. एस.टी. सिल्लोडला पोचेपर्यंत माझं काही ठरलं नाही.

महिनाभरानं एका शनिवारी सकाळची शाळा आटोपून मी देवगावला गेले. पोचायला संध्याकाळ झाली. दिवेलागण व्हायची होती, अंगणात अजून उजेड होता. वहिनी दारात सडा टाकत होती. मला बघून तिचा चेहरा उजळला आणि तिनं घरात हाक मारली, "अगं पोरी, बाहेर ये! बघ कोण पाव्हणी आलीय!"

आमच्याकडं असंच म्हणतात. सासरी गेलेली लेक घरी आली की ती पाव्हणी. त्यात प्रेम असतं.

पोरगी दारातून डोकावली. मला तिनं बघितलं, अगदी नीट बघितलं, डोळ्याला डोळा. मला वाटलं धावत येईल. ती आत गेली. मी पिशवी खाली ठेवून हात पसरून उभी. थोड्या वेळानं ती बाहेर आली तेव्हा दप्तर खांद्याला होतं, वाकळ काखेत होती आणि हातात पाण्याची बाटली. माझ्या बाजूनं, अंग चोरून, भावाच्या घरामागं गुरांचा गोठा होता तिकडं निघाली.

"अगं, कुठं चाललीस?" वहिनी हसायला लागली. "आई आलीय तुझी!"

ती थांबली. माझ्याकडं वळली. तिचा खोकला गेला होता, गाल जरा भरले होते.

"आई, तू आत राहा," ती म्हणाली. "मी सरकते. किती दिवस आहेस?"

वहिनीला काही कळलं नाही, तिला तो पोरखेळ वाटला. रीतीप्रमाणं तिनं पाय धुवायला तांब्या माझ्यापुढं धरला. मी तो हातात घेऊन उंबऱ्याबाहेर तशीच उभी राहिले. पाय धुवून आत जावं, की पोरीच्या मागं गोठ्यात जावं, ते मला कळेना.